आधी व्याकरण, मग होमर

३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला, तेव्हा महाराष्ट्रात आनंदीआनंद झाला आणि तो रास्तच होता. त्याच दिवशी, त्याच निर्णयात प्राकृतलाही तो दर्जा मिळाला. त्याची मात्र आपल्याकडे फारशी कोणी दखल घेतली नाही. मराठीच्या जुनेपणाचा पुरावा म्हणून आपण इतकी वर्षे ज्या गाथासप्तशतीकडे बोट दाखवत आलो ती महाराष्ट्री प्राकृतातली आहे, तेव्हा हे मौन जरा चमत्कारिकच. पुढे २०२५-२६च्या अर्थसंकल्पात ‘ज्ञान भारतम्’ मोहीम जाहीर झाली. एक कोटीहून अधिक हस्तलिखितांची पाहणी, नोंदणी आणि जतन करण्याचा तिचा संकल्प आहे. संकल्प मोठा आहे, त्याला विरोध करण्याचे कारण नाही. पण पाहणी, नोंदणी आणि जतन या तीन शब्दांत एक चौथा शब्द नाही, तो म्हणजे संपादन. पोथी सापडली, मोजली गेली, तिचे छायाचित्र निघाले, तरी ती वाचणारा, दुसऱ्या पोथीशी ताडून पाहणारा आणि शंका असेल तिथे शंका छापणारा माणूस नसेल, तर ग्रंथ होता तिथेच राहतो. या दर्जाच्या आणि या मोहिमेच्या पैशातला पहिला वाटा कॅमेऱ्याला नव्हे, तर व्याकरण शिकवणाऱ्या शिक्षकाला आणि संपादकाला मिळाला पाहिजे. युरोपात ग्रीक विद्या पुन्हा उभी राहिली तेव्हाचा इतिहास हेच सांगतो, आणि त्याहून जवळचा पुरावा सोलापूरच्या फलटण गल्लीत आहे.

ग्रीक विद्येच्या पुनरुज्जीवनाची शाळेत सांगितली जाणारी गोष्ट अशी: १४५३ साली तुर्कांनी कॉन्स्टँटिनोपल घेतले, विद्वान पोथ्या काखोटीला मारून इटलीत पळाले आणि युरोपला जाग आली. गोष्ट आटोपशीर आहे, पण तारखा तिला साथ देत नाहीत. मॅन्युएल क्रिसोलोरस हा बिझंटाइन विद्वान १३९७ सालीच फ्लॉरेन्समध्ये ग्रीक शिकवू लागला होता, म्हणजे पाडावाच्या छपन्न वर्षे आधी. फ्लॉरेन्सने त्याला नेमले ते पोथ्या आणण्यासाठी नव्हे, शिकवण्यासाठी. छपाईचा क्रम तर आणखी बोलका आहे. तारीख घालून संपूर्ण ग्रीकमध्ये छापलेले पहिले पुस्तक १४७६ साली मिलानमध्ये निघाले. ते होमरचे महाकाव्य नव्हते, प्लेटोचे संवाद नव्हते. ते कॉन्स्टंटाइन लास्करिसचे व्याकरण होते. त्यानंतर दोनेक वर्षांत त्याच शहरात ग्रीक-लॅटिन शब्दकोश निघाला. होमर छापला गेला १४८८ साली, फ्लॉरेन्समध्ये, आणि त्याचे संपादन केले डेमेट्रियस खाल्कोकोंडिलिस या ग्रीक अध्यापकाने. व्हेनिसच्या आल्दुस मानुतियुसनेही हीच वाट धरली. त्याने १४९५ साली कारखान्याचा श्रीगणेशा केला तो पुन्हा लास्करिसच्याच व्याकरणाने, आणि मग १४९५ ते १४९८ या चार वर्षांत अॅरिस्टॉटल पाच खंडांत काढला. ग्रीक अक्षरांवरचे स्वरचिन्ह, श्वासचिन्ह, एकमेकांत गुंतलेली जोडाक्षरे यांसाठी शेकडो खिळे पाडावे लागत. निर्णयसागरच्या जावजी दादाजींना देवनागरीच्या जोडाक्षरांनी जो घाम फोडला असेल, त्याच जातीचे हे काम. इतका खर्च करून माणूस प्रथम व्याकरण छापतो, कारण वाचक तयार नसेल तर अॅरिस्टॉटल गोदामात पडून राहील, हे त्या व्यापाऱ्याला पक्के कळत होते.

उलट बाजूचा पुरावाही त्याच व्हेनिसमध्ये आहे. कार्डिनल बेसारिऑन हा जन्माने ग्रीक. आपल्या लोकांची विद्या नष्ट होऊ नये म्हणून त्याने आयुष्यभर हस्तलिखिते जमवली आणि १४६८ साली सातशेहून अधिक हस्तलिखितांचा तो संग्रह व्हेनिसच्या प्रजासत्ताकाला देऊन टाकला. त्यातली बहुसंख्य ग्रीक होती. त्या काळी पश्चिम युरोपात ग्रीक पोथ्यांचा एवढा संग्रह दुसरा नव्हता. पुढे काय झाले? त्या पोथ्या राजवाड्यात पेटाऱ्यांत भरून पडल्या. ग्रंथालयाच्या इमारतीचे काम सुरू व्हायला १५३७ साल उजाडले. मधल्या काळात, काही हाकांच्या अंतरावर, आल्दुस एकामागून एक ग्रीक ग्रंथांच्या पहिल्या आवृत्त्या काढत होता आणि मिळतील तिथून दुय्यम प्रती गोळा करत होता. बेसारिऑनच्या ठेव्याचा त्याला फारसा उपयोग झाला नाही. जतन उत्तम, कुलूप मजबूत, मालकी सरकारी, आणि तरीही उपयोग शून्याजवळ. आल्दुसकडे पोथ्या कमी होत्या, पण मार्कस मुसुरुससारखे क्रीट बेटावरून आलेले विद्वान होते, जे पाठ तपासत, दुरुस्त करत, मुद्रिते वाचत. याच व्हेनिसमध्ये १४९९ साली कालिएर्गिस या क्रीटच्या मुद्रकाने ग्रीकचा एक प्रचंड व्युत्पत्तिकोश छापला. त्यामागे प्रेरणा होती आन्ना नोतारा हिची. बिझंटाइन साम्राज्याच्या अखेरच्या महामंत्र्याची ही निर्वासित मुलगी. मायदेश गमावलेल्या बाईने आग्रह धरला तो कोशाचा, स्मारकाचा नव्हे.

आता आपल्याकडे येऊ. दिगंबर जैनांचा सर्वांत जुना सिद्धान्तग्रंथ षट्खंडागम आणि त्यावरची वीरसेनाचार्यांची धवला ही नवव्या शतकातली अवाढव्य टीका, यांची ताडपत्रे दक्षिण कन्नडमधल्या मूडबिद्री या एकाच गावी उरली होती. भाषा प्राकृत, तिच्यात संस्कृतची सरमिसळ, लिपी जुनी कन्नड. यात्रेकरूंना त्या पोथ्यांचे दर्शन घडवले जाई. वाचन नाही, दर्शन. १८८३च्या सुमारास मुंबईचे जवेरी माणिकचंद हिराचंद तिथे गेले आणि परतल्यावर त्यांनी आपले मित्र, सोलापूरचे हिराचंद नेमचंद दोशी यांना ही हकीकत कळवली. हिराचंद म्हणजे उद्योगपती वालचंद हिराचंद यांचे वडील; सोलापुरातून ‘जैन बोधक’ हे मासिक चालवणारे. ते लवकरच स्वतः मूडबिद्रीला गेले, श्रवणबेळगोळच्या ब्रह्मसूरी शास्त्रींना सोबत घेऊन. जुन्या कन्नड लिपीतली ती पत्रे वाचू शकेल असा माणूस बरोबर हवा, हे या सोलापूरच्या व्यापाऱ्याला पहिल्याच फेरीत सुचले, हे लक्षात घ्यावे. पुढे वर्गणी उभी करून १८९६च्या सुमारास प्रती करण्याचे काम सुरू झाले. ब्रह्मसूरी शास्त्री लवकरच वारले. गजपती उपाध्याय यांनी ते पुढे वर्षानुवर्षे चालू ठेवले. अट एकच होती: केलेली प्रत मूडबिद्रीबाहेर जाता कामा नये.

या अटीपाशी गोष्टीला असे वळण लागते की कोणत्याही सुभाषितात ती बसत नाही. गजपती उपाध्यायांनी आपल्या पत्नीच्या, लक्ष्मीबाईंच्या मदतीने घरी गुपचूप आणखी एक प्रत कन्नड लिपीत उतरवून घेतली आणि ती ते हिराचंदांकडे घेऊन आले. ज्या ग्रंथासाठी या माणसाने इतका काळ धडपड केली तो ग्रंथ समोर होता. त्यांनी तो घेतला नाही. चोरून आणलेली प्रत स्वीकारणे नीतीला धरून नाही, असे त्यांचे मत पडले. ती प्रत मग सहारनपूरच्या लाला जंबूप्रसादांनी विकत घेतली. तिथे तिचे देवनागरीत लिप्यंतर करताना सीताराम शास्त्रींनी स्वतःसाठी एक प्रत ठेवून घेतली, आणि तिच्यावरून आरा, कारंजा, अमरावती अशा ठिकाणी प्रती पोचल्या. आज आपण धवला वाचू शकतो ती हिराचंदांच्या सचोटीमुळे नव्हे, त्यांनी नाकारलेल्या प्रतीमुळे. म्हणून काही हिराचंद चुकले ठरत नाहीत. दिलेला शब्द पाळणारा माणूस तोच निर्णय घेईल. चूक होती ती अटीची. एकाच गावात, एकाच कपाटात ग्रंथ ठेवला की प्रामाणिक माणसाला तो मिळत नाही आणि मिळतो तो फटीतून. मूडबिद्रीच्या विश्वस्तांवरही उगाच तोंडसुख घेऊ नये. शतकानुशतके वाळवी, दमट हवा आणि राजकीय उलथापालथ यांतून त्यांनीच ती ताडपत्रे तगवली. फक्त तगवणे आणि ग्रंथ लोकांच्या हाती येणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे बेसारिऑनच्या पेटाऱ्यांप्रमाणे इथेही दिसते.

ग्रंथ खऱ्या अर्थाने बाहेर आला तो अमरावतीत. तिथल्या किंग एडवर्ड कॉलेजातले प्राध्यापक हिरालाल जैन यांनी पंडित फूलचंद्र आणि पंडित हिरालाल या शास्त्रींच्या साहाय्याने १९३९ साली पहिला खंड प्रसिद्ध केला आणि पुढच्या वीसेक वर्षांत सोळा खंड पूर्ण केले. पैसा विदिशाचे शेठ लक्ष्मीचंद्र यांचा. हाताशी होत्या त्या प्रतीच्या प्रतीच्या प्रती. ताडपत्रावरून कन्नड, कन्नडवरून नागरी, नागरीवरून पुन्हा नागरी. प्रत्येक पायरीवर अक्षरे गळण्याची, शब्द निसटण्याची सोय. पहिल्याच खंडात त्र्याण्णवाव्या सूत्रापाशी संपादकांना वाटले की इथे ‘संजद’ हा शब्द गळला आहे. पुढच्या टीकेचा अर्थ त्याशिवाय लागत नव्हता. प्रतींत तो नव्हता. त्यांनी सूत्रात गुपचूप घुसडला नाही. तळटीप देऊन सांगितले की इथे हा शब्द असावा. तो शब्द काही साधा नव्हता. स्त्रीला साधनेच्या कोणत्या पायरीपर्यंत जाता येते या जुन्या वादाचे उत्तर त्याने इकडचे तिकडे होत होते. समाजात वादळ उठले, लेख-प्रतिलेख झडले. पुढे मूडबिद्रीच्या ताडपत्राशी पाठ ताडून पाहिला, तेव्हा तो शब्द तिथे होता.

याची बरोबरी लावायची तर १५१६ साली बाझेलमध्ये छापलेल्या इरॅस्मसच्या ग्रीक नव्या कराराशी लावावी. इरॅस्मस त्याच्या काळातला पहिल्या प्रतीचा विद्वान, पण घाई होती आणि हाताशी मोजकी, तीही उशिराच्या काळातली हस्तलिखिते होती. ‘प्रकटीकरण’ या शेवटच्या पुस्तकाच्या एकुलत्या एका प्रतीचे अखेरचे पान गहाळ होते, म्हणून त्याने ती शेवटची वचने लॅटिनवरून स्वतःच ग्रीकमध्ये उतरवली. त्यातली काही रूपे कोणत्याही ग्रीक पोथीत नव्हती. तरी छापली गेल्यामुळे ती पुढे शतकानुशतके प्रमाण पाठ म्हणून मिरवत राहिली. छपाई शुद्धीला बळ देते तसेच चुकीलाही देते, हा छपाईवरचा जुना आक्षेप खरा आहे. त्यावर उतारा मात्र छपाई थांबवणे हा नाही. उतारा आहे ती अमरावतीची तळटीप. संशय उघड्यावर ठेवला की दुसरा कोणी तो तपासू शकतो. किंबहुना पहिला खंड छापून आल्यावरच मूडबिद्रीच्या कारभाऱ्यांचा विश्वास बसला आणि ताडपत्रांशी पाठ ताडून पाहण्याची वाट मोकळी झाली. ग्रंथ छापल्याने पावित्र्य बिघडते अशी भीती तेव्हा होतीच. शाईत काय घातले असेल, रूळ कशाचा असेल, पान पायदळी येईल का, या शंका आज हसण्यावारी नेण्याजोग्या वाटल्या तरी श्रद्धावंतांना त्या खऱ्या होत्या. १९४०च्या दशकात आचार्य शांतिसागर महाराजांच्या प्रेरणेने हाच आगम ताम्रपटांवर कोरून ठेवण्याचे काम झाले, तेही याच काळजीतून. तांबे कागदापेक्षा टिकाऊ खरे. पण तळटीप तांब्यावर कोरायची की नाही, हा प्रश्न तांबे सोडवत नाही.

सोलापूरची दुसरी पिढी इथे पुढे येते. ब्रह्मचारी जीवराज गौतमचंद दोशी यांनी १९४० साली ठरवले की आपली संपत्ती धर्म आणि समाजाच्या कामी लावायची. कशी लावायची हे त्यांनी आधी देशभरच्या विद्वानांना विचारले, आणि १९४१च्या उन्हाळ्यात नाशिकजवळच्या गजपंथा क्षेत्री त्यांची सभा भरवली. त्यातून जैन संस्कृती संरक्षक संघ निघाला. तीस हजारांची देणगी जाहीर झाली, आणि १९४४ साली त्यांनी सुमारे दोन लाखांची आपली सगळी मालमत्ता विश्वस्त निधी म्हणून संघाच्या हवाली केली. संघाची जीवराज जैन ग्रंथमाला सोलापूरच्या फलटण गल्लीतून निघू लागली. तिचे पहिलेच पुष्प तिलोयपण्णत्ती, यतिवृषभाचा विश्वरचनेवरचा आणि गणितावरचा प्राकृत ग्रंथ. संपादक कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजातले अर्धमागधीचे प्राध्यापक आ. ने. उपाध्ये आणि हिरालाल जैन. पहिला भाग १९४३ साली निघाला, महायुद्धामुळे कागदाची मारामार असताना. दुसरा १९५१ साली. पुढे त्याच मालेत प. ल. वैद्यांनी संपादिलेले त्रिविक्रमाचे प्राकृत व्याकरण आले, कृष्णकांत हंदिकी यांचा यशस्तिलकावरचा ग्रंथ आला, पां. भी. देसाई यांचा दक्षिणेतल्या जैन शिलालेखांवरचा अभ्यास आला, महावीराचार्यांचा गणितसारसंग्रह आला. संपादकांत आणि लेखकांत आसामी, कन्नड, मराठी, हिंदी माणसे होती, आणि जैनेतरही. अमरावतीच्या धवलेची सुधारित आवृत्ती पुढे काढली तीही याच संघाने. हिराचंदांनी घेतलेल्या ध्यासाचा असा फेरा सोलापुरात येऊन पूर्ण झाला. जीवराजभाई १९५७च्या जानेवारीत समाधिमरणाने गेले. एका गिरणगावातल्या एका गल्लीत व्हेनिसने केलेले तेच काम चालले होते, आणि बहुसंख्य सोलापूरकरांना त्याचा पत्ता नाही.

यावर पहिला आक्षेप येईल तो तातडीचा. ताडपत्रे रोज झिजत आहेत. आधी छायाचित्रे काढा, संपादन पुढच्या पिढीवर सोपवा. निम्मा आक्षेप मान्य आहे. छायाचित्र काढण्यात आळस करू नये. पण पुढची पिढी वाचणार कशी? उपाध्ये अर्धमागधी शिकवत होते तेव्हा शाळा-महाविद्यालयांत संस्कृतच्या शेजारी अर्धमागधी हा खराखुरा पर्याय होता. आज आपल्या जिल्ह्यातल्या किती महाविद्यालयांत तो उरला आहे, हे ज्याने त्याने चौकशी करून पाहावे. पुढच्या पिढीवर सोपवायचे तर त्या पिढीचा शिक्षक या पिढीत असावा लागतो. दुसरा आक्षेप हल्लीचा: यंत्रच वाचेल, कृत्रिम बुद्धिमत्ता लिप्यंतर करून देईल. करेलही, आणि ते स्वागतार्हच आहे. मात्र यंत्राला शिकवायला आधी माणसाने नीट वाचून तपासलेली पाने लागतात, आणि प्रतींत नसलेला ‘संजद’ तिथे असायला हवा असा संशय यायला टीकेचा युक्तिवाद कळावा लागतो. यंत्राने तो शब्द घातला असता तरी प्रश्न उरलाच असता: घातला हे कोणाला सांगणार, आणि कोण जबाबदार?

तिसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. हे एका धर्माचे ग्रंथ, एका श्रीमंत समाजाने आपल्या पैशाने छापले. त्याचा करदात्याशी काय संबंध? याचे उत्तर धवलेच्या चौथ्या खंडात मिळते. तिथे लखनौ विद्यापीठातले गणिती अवधेश नारायण सिंह यांनी धवलेतल्या गणितावर निबंध लिहिला. एखादी संख्या किती वेळा निम्मी करता येते याचा हिशेब धवलेत ‘अर्धच्छेद’ म्हणून येतो. आज त्याला दोन या पायाचा लॉगॅरिदम म्हणतात. दर्शन घेणाऱ्या हजारो भाविकांना जे दिसले नाही ते एका गणितज्ञाला छापील पानावर दिसले. ग्रंथ संपादित होऊन बाजारात आला की तो एका समाजाचा राहत नाही. अॅरिस्टॉटल ग्रीकांचा राहिला नाही, तसेच. आणि श्रीमंत समाजाचे म्हणाल, तर ज्या ज्ञानशाखेला सरकारने फारसे विचारले नाही ती व्यापाऱ्यांनी सांभाळली, यात व्यापाऱ्यांचा दोष काय?

चौथा आक्षेप सोलापूरचा स्वतःचा. नळाला पाणी रोज येत नाही, यंत्रमाग बंद पडताहेत, तरुण पुण्याला जाताहेत, आणि तुम्ही प्राकृतचे कसले घेऊन बसलात? पाण्याचा पैसा यात घालू नये, हे उघड आहे. घालायची गरजही नाही. दोन अध्यापक, दोन संपादक, चार-सहा विद्यार्थ्यांना शिष्यवृत्ती एवढ्यावर हे काम सुरू होते, आणि तेवढा खर्च अभिजात दर्जाच्या निधीतून किंवा शहरातल्या एखाद्या उद्योगघराण्याच्या देणगीतून सहज निघतो. सोलापूरइतकी योग्य जागाही सापडणार नाही. या शहरात मराठी, कन्नड आणि तेलुगू एका वाड्यात नांदतात. प्राकृत भाषा आणि कन्नड लिपी हे जे धवलेचे कुलूप होते, त्याच्या दोन्ही किल्ल्या ठेवणारी घरे इथे आहेत. दक्षिण सोलापूर तालुक्यातल्या हत्तरसंग कुडलचा शके ९४०चा मराठी शिलालेख शतकानुशतके भक्तांच्या नजरेसमोर होता. तो प्रकाशात यायला सोलापूरचे आनंद कुंभार यांच्यासारखा वाचणारा माणूस यावा लागला. पुण्यात भांडारकर संस्थेने महाभारताची चिकित्सक आवृत्ती केली, ती विष्णु सीताराम सुखटणकरांनी ग्रीक-लॅटिन ग्रंथांच्या पाठचिकित्सेची पद्धत आपल्या पोथ्यांच्या स्वभावाप्रमाणे बदलून घेतली म्हणून. ती विद्या सोलापुरात आणायला समुद्र ओलांडावा लागत नाही, पुण्याची गाडी पुरते.

करायचे काय, तेही अवघड नाही. २००४ साली स्थापन झालेल्या सोलापूर विद्यापीठाने, म्हणजे आजच्या पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर विद्यापीठाने, प्राकृत आणि हस्तलिखितशास्त्र यांचे अध्यासन मागावे, आणि त्यात जुनी कन्नड लिपी सक्तीची ठेवावी. फलटण गल्लीच्या ग्रंथमालेशी करार करून तिचे जुने खंड, संपादकांच्या तळटीपांसह, शोधता येतील अशा रूपात सर्वांना मोफत खुले करावेत. नुसती पानांची चित्रे नकोत. पहिल्या दोन वर्षांत नवा ग्रंथ छापण्याची घाई करू नये. शिकवावे, वाचावे, मराठीतून शिकणाऱ्याला पुरेल असे पाठ्यपुस्तक आणि कोश हाती द्यावा. आणि मठ, मंदिरे, घराणी यांच्याकडून पोथ्यांची छायाचित्रे घेताना जो करारनामा होईल, त्यात मालकी त्यांचीच राहील हे जसे लिहायचे, तसे हेही लिहून घ्यावे की एक प्रत कायम दुसऱ्या गावी राहील आणि ती मागणाऱ्या अभ्यासकाला कोणाच्या घरी रात्री बसून नक्कल करावी लागणार नाही.